जाळलेली पत्रे

लेखापरीक्षा खात्यात चौतीस वर्षे काढलेल्या मनुष्याची एक खोड निवृत्तीनंतरही जात नाही. कोणी काही सांगू लागला की याचे लक्ष त्याच्या तोंडाकडे न जाता हाताकडे जाते. हातात कागद आहे की नाही, हे तो आधी पाहतो. खर्च झाला म्हणता, ठीक आहे. व्हाउचर कोठे आहे? पूल बांधला म्हणता, आनंद आहे. मोजमापाची वही दाखवा. ज्याची नोंद नाही ते घडलेच नाही, हा आमच्या खात्याचा अद्वैतसिद्धांत. त्याच्या बळावर माझा चरितार्थ चालला, मुलांची शिक्षणे झाली आणि आज निवृत्तिवेतनही नियमाने मिळते. तेव्हा त्याच्याविषयी कृतघ्नपणे बोलण्याचा माझा विचार नाही.

परंतु अशा मनुष्याला वयाच्या बहात्तराव्या वर्षी एका तरुण पोर्तुगीज दिग्दर्शिकेच्या चित्रपटाने रात्रभर जागे ठेवावे, आणि तोही असा चित्रपट की जे कागद त्याचा आधार व्हायचे तेच भस्मसात झालेले, याचे माझे मलाच नवल वाटते. आयुष्याचा मोठा भाग बदलीच्या गावी घालवलेल्या आपल्यासारख्या वाचकांना ही हकीकत सांगावीशी वाटली, याला कारण आहे. त्या चित्रपटाच्या मुळाशी असलेला पुरुष आपल्याच जातकुळीचा आहे. नोकरीनिमित्त घरापासून दूर राहणारा, आणि संसार पत्रांतून करणारा.

गेल्या पावसाळ्यात आम्ही उभयता बंगळुरास मुलीकडे होतो. एका संध्याकाळी ती म्हणाली, "बाबा, आज एक माहितीपट पाहू या. तुम्हांला आवडेल की नाही सांगता येत नाही, पण तुम्ही पाहावा असं मला वाटतं."

माहितीपट हा शब्द ऐकताच माझ्या डोळ्यांपुढे काय आले, हे माझ्या पिढीच्या वाचकांना सांगायला नको. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनची समाचारचित्रे आणि अनुबोधपट मुख्य चित्रपटापूर्वी दाखवणे चित्रपटगृहांना परवान्याच्या अटीमुळे भाग असे. धरणाचे दरवाजे उघडत, मंत्रिमहोदय फीत कापत, मागून एक भारदस्त आवाज आकडे सांगे. आणि प्रेक्षक बाहेर उभे राहून चहा संपवीत. पुढे २०२२ साली ती संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, तेव्हा मला जुने सहकारी खाते बंद झाल्यासारखी हळहळ वाटली. त्या चित्रपटांत चांगलेही पुष्कळ होते. पण 'माहितीपट' म्हणजे पडद्यावर उलगडलेला वार्षिक अहवाल, ही माझी समजूत त्यांनीच करून दिली होती आणि ती तशीच टिकून होती.

मुलीने लावलेला चित्रपट त्या समजुतीत कोठेच बसेना. पोर्तुगीज भाषेत त्याचे नाव 'आ मेतामॉर्फोझ दुश पासारुश', म्हणजे 'पक्ष्यांचे रूपांतर'. दिग्दर्शिका कातारिना व्हास्कोन्सेलुश. चित्रपट २०२० चा, लांबी पावणेदोन तासांच्या आत. हकीकत तिच्याच घराण्याची. तिची आजी बेआत्रीश आणि आजोबा एन्रिक यांचा विवाह आजीच्या एकविसाव्या वाढदिवशी झाला. आजोबा पोर्तुगीज आरमारात अधिकारी. महिनेच्या महिने समुद्रावर. घरी आजी, आणि एकामागून एक झालेली सहा मुले. पत्रे जात, पत्रे येत. थोरल्या मुलाचे चित्रपटातले नाव जासिंतु. लहानपणी त्याला आपण पक्षी व्हावे असे वाटे. पुढे एके दिवशी, काही ध्यानीमनी नसताना, बेआत्रीश मरण पावली. हा जासिंतु म्हणजे कातारिनाचा पिता. कातारिना स्वतः सतरा वर्षांची असताना तिचीही आई गेली. बाप आणि लेक या दोघांना जोडणारा धागा त्या दिवशी बदलला. दोघेही आईवेगळी झालेली मुले झाली.

येथे एक गोष्ट प्रांजळपणे सांगितली पाहिजे. 'पोर्तुगीज आरमारातला अधिकारी' हे शब्द कानी पडताच मी खुर्चीत जरा सावरून बसलो. आमचे घर वेंगुर्ल्याचे. माझी एक आत्या पेडण्यास दिलेली. १९५५ साली सत्याग्रहींवर गोळीबार झाला, सरहद्दीवर निर्बंध आले, आणि चार कोसांवरची ही आत्या जणू परदेशी गेली. तिला माहेरपण दुर्मिळ झाले. डिसेंबर १९६१ मध्ये मुरगावच्या पाण्यात 'अफोन्सु द आल्बुकर्क' या पोर्तुगीज युद्धनौकेशी आपल्या 'बेटवा' आणि 'बियास' या नौकांनी झुंज दिली, आणि दुसऱ्या दिवशी गोवा मुक्त झाला. तेव्हा मी आठ वर्षांचा होतो. वेंगुर्ल्याच्या बाजारात पेढे वाटले गेले ते आठवते, आणि आत्या आली तेव्हा आजी तिला धरून रडली तेही आठवते. त्यामुळे या आरमारी घराविषयी सहानुभूती वाटायला मला थोडा वेळ लागला.

पण ज्या सालाझारशाहीने गोवा धरून ठेवला, तिनेच पुढे १९६१ ते १९७४ अशी तेरा वर्षे आपल्या तरुणांना आफ्रिकेतल्या युद्धांत धाडून पोर्तुगालमधली हजारो घरेही ओकी केली. २५ एप्रिल १९७४ रोजी लष्करातल्याच तरुण अधिकाऱ्यांनी ती राजवट उलथली. त्याच वर्षाच्या ३१ डिसेंबरला दिल्लीत करार होऊन गोवा भारताचा असल्याचे पोर्तुगालने मान्य केले. कातारिनाचा जन्म यानंतरचा, १९८६ चा, लिस्बनमधला. माझ्या मुलीहून ती दोनच वर्षांनी लहान. आपल्या आईबापांच्या पिढीने क्रांती पाहिली, आपण मात्र तिच्या आठवणींवर वाढलो, ही जाणीव घेऊन आलेली ही पिढी. तिच्याशी माझे कसले वैर?

कातारिनाचे शिक्षण आधी लिस्बनला ललितकलांचे, मग दृश्यमाध्यमांतून मानवशास्त्राचे, आणि शेवटी लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये. हा क्रम लक्षात ठेवण्यासारखा आहे. ती चित्रपटाकडे कॅमेऱ्याच्या वाटेने आली नाही. वस्तूकडे टक लावून पाहण्याच्या वाटेने आली. तिचा पहिला लघुपट २०१४ चा : 'मेताफोरा ओ आ त्रिश्तेझा व्हिरादा दु आव्हेसु', म्हणजे 'रूपक, अथवा उलटे करून पाहिलेले दुःख'. त्यात एक भाऊ आणि एक बहीण, एक लिस्बनला आणि एक लंडनला, मृत आईविषयी आणि आपल्या देशाविषयी एकमेकांना लिहितात. म्हणजे तेथेही पत्रेच! पॅरिसच्या 'सिनेमा द्यू रेएल' या माहितीपटांच्या महोत्सवात त्याला लघुपटाचा पुरस्कार मिळाला. त्यानंतर पूर्ण लांबीच्या पहिल्या चित्रपटापर्यंत सहा वर्षे गेली. २०२० साली बर्लिनच्या महोत्सवाने 'एन्काउंटर्स' हा नवा विभाग उघडला, त्यात 'पक्ष्यांचे रूपांतर' प्रथम दाखवला गेला आणि चित्रपटसमीक्षकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेचे पारितोषिक त्याला मिळाले. पुढच्या वर्षी पोर्तुगालने ऑस्करसाठी आपली प्रवेशिका म्हणून त्याचीच निवड केली. एका लघुपटावर आणि एका चित्रपटावर उभी असलेली ही कीर्ती. आमच्या खात्याच्या भाषेत बोलायचे तर नोंदी थोड्याच, पण ठळक.

आता मूळ मुद्दा. आजोबा आणि आजी यांच्यात वर्षानुवर्षे झालेला पत्रव्यवहार हा या चित्रपटाचा स्वाभाविक पाया ठरला असता. परंतु म्हातारपणी आजोबांनी इच्छा व्यक्त केली की ती पत्रे जाळून टाकावीत. नातीच्या हाती आली ती राख.

मी तेथेच चित्रपट थांबवायला सांगितले. मुलीला वाटले, मला कंटाळा आला. मी पाणी प्यायलो आणि म्हणालो, "चालू दे."

माझे वडील, आम्ही त्यांना अप्पा म्हणत असू, जकात खात्यात होते. कांडला, विशाखापट्टण, कलकत्ता अशा बंदरांवर त्यांची नोकरी झाली. आई आम्हां चार भावंडांना घेऊन वेंगुर्ल्यास राहिली. दर आठवड्याला अप्पांचे पत्र येई आणि आई ते माजघरात दिव्याखाली एकटी वाचे. वाचून झाले की त्यातला 'मुलांस आशीर्वाद' एवढा भाग आम्हांला मोठ्याने ऐकवी. उरलेले पत्र काळ्या ट्रंकेत जाई. त्या ट्रंकेची किल्ली तिच्या कमरेला असे.

१९८६ साली आई गेली. चौदावा दिवस उरकला, पाहुणे पांगले, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे मी उठलो तो न्हाणीघरात चूल पेटलेली. अप्पा पाटावर बसून गठ्ठ्यातले एक एक पत्र चुलीत सारत होते. आईची पत्रेही होती. निवृत्त होऊन येताना त्यांनी ती बरोबर आणली होती. घाई नव्हती, डोळ्यांत पाणीही नव्हते. रद्द झालेल्या पावत्या नष्ट करताना कारकून जितक्या शांतपणे बसतो, तितक्या शांतपणे ते बसले होते. मी पुढे झालो आणि म्हणालो, "अप्पा, हे काय करता? आमच्याकडे तिचं दुसरं काय राहणार?"

ते म्हणाले, "ती तुम्हांला लिहिलेली नव्हती."

एवढेच. वर तापलेल्या पाण्याने त्यांनी आंघोळ केली आणि देवपूजेला बसले.

त्या एका वाक्याचा राग मी पुढे जवळजवळ चाळीस वर्षे जपला. त्यात पुत्राचे दुःख किती आणि लेखापरीक्षकाचा संताप किती, हे मला आजही वेगळे करता येणार नाही. पुरावा नष्ट करणे हा आमच्या शास्त्रात सर्वांत मोठा अपराध. अप्पांच्या मृत्यूनंतर घर आवरताना आईच्या हिशेबाच्या वहीत मला अकरा मनिऑर्डरींची कूपने सापडली. मनिऑर्डरीच्या कागदाला खाली एक अरुंद पट्टी असे. पैसे पाठवणाऱ्याने त्यावर दोन ओळी लिहाव्यात आणि पोस्टमनने ती फाडून पैशांबरोबर द्यावी, अशी रीत होती. त्या पट्ट्यांवर अप्पांचे बारीक अक्षर : 'पावसापूर्वी घर शाकारून घ्यावे.' 'धाकटीला दूध चालू ठेवावे, खर्चाचा विचार करू नये.' एकावर फक्त, 'पाऊस लागला का?' रुपये साठ, आणि तारीख. माझ्या आईबापांच्या तीसहून अधिक वर्षांच्या संसाराची शिल्लक कागदपत्रे एवढीच.

कातारिनाच्या हाती अकरा कूपनेही नव्हती, असे क्षणभर मानू. तिने काय केले? तिने बापाला विचारले, काका-आत्यांना विचारले. त्यांना जे आठवले ते घेतले. जे आठवले नाही तेथे स्वतः लिहिले. मग वेगवेगळ्या आवाजांत ते सारे वाचून घेतले. आणि पडद्यावर काय? मुलाखती नाहीत, नकाशे नाहीत, खुर्चीत बसून आठवणी सांगणारी माणसे नाहीत. कॅमेरा जवळजवळ हलतच नाही. चौकट हल्लीच्या रुंद पडद्याची नाही. जुन्या चित्रपटांची, चौरसाकडे झुकणारी. चित्रण सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर, त्यामुळे प्रत्येक दृश्यावर बारीक रवा दिसतो, जसा जुन्या कापडावर दिसावा. पाउलु मेनेझिश या छायालेखकाने खिडकीतून येणारा उजेड असा काही टिपला आहे की साधे पान, साधे पीस, फ्लॉवरपॉटमधले फूल हे जुन्या युरोपीय स्थिरचित्रांतल्यासारखे गंभीर होऊन समोर येते. एक हात चौकटीत येतो, वस्तू उचलतो वा ठेवतो, निघून जातो. चेहरे अर्धे दिसतात, पाठमोरे दिसतात. उघड्यावर आरसा धरलेला असतो आणि त्यात, जे समोर नाही ते झाड दिसते, ते आकाश दिसते. आजी झाडांकडून शिकली म्हणून तिच्या वाट्याला मुळे आणि पाने. बापाला उडायचे होते म्हणून त्याच्या वाट्याला पक्षी. आजोबांच्या वाट्याला समुद्र. सगळे घराणे या तीन भाषांत बोलते.

पहिल्या अर्ध्या तासात माझ्यातला लेखापरीक्षक पेन्सिल सरसावून बसला होता. हे वाक्य आजीचे कशावरून? हे दृश्य कोणत्या सालचे? याला माहितीपट कोणी म्हटले?

पोर्तुगालमध्ये या प्रश्नाचे फारसे कोणाला वावडे नाही, असे पुढे वाचून समजले. त्या देशाच्या चित्रपटाचा वृद्ध पितामह मानुएल द ओलिव्हेरा १९३१ साली दोरू नदीवरच्या मजुरांचे चित्रण करून या क्षेत्रात आला आणि २०१५ साली, वयाच्या एकशेसहाव्या वर्षी वारला. त्याच्या १९६३ च्या 'आक्तु दा प्रिमाव्हेरा'मध्ये खेड्यातली माणसे आपले परंपरागत ख्रिस्तनाट्य करतात. त्यातला नाटकाचा भाग कोठे संपतो आणि खेड्याचा कोठे सुरू होतो, हे सांगणे कठीण. आंतोनियु रैश आणि मार्गारिदा कोर्देइरु या दांपत्याने १९७६ साली ईशान्येकडच्या डोंगरी मुलखावर 'त्राज-ऊज-मोंतिश' केला, तोही तेथल्याच लोकांना घेऊन, स्मृती आणि वास्तव एकाच पातळीवर मांडून. पुढे पेद्रु कोश्ता, मिगेल गोमिश यांनी तीच वाट आपापल्या पावलांनी चालवली. सूझाना द सोझा दियश हिचा २००९ चा '४८' तर आपण मराठी माणसांनी मुद्दाम पाहावा. ज्या राजवटीने आपल्या मोहन रानडे यांना लिस्बनजवळच्या काशियाशच्या तुरुंगात १९६९ पर्यंत डांबले, त्या राजवटीच्या अठ्ठेचाळीस वर्षांवरचा तो चित्रपट. त्यात राजकीय कैद्यांची पोलिसांनी काढलेली छायाचित्रे तेवढी दिसतात, आणि ऐकू येतात त्याच माणसांचे म्हातारपणचे आवाज.

या दोघींची तुलना मला उद्बोधक वाटली. सूझानाकडे फाईल शाबूत होती. तीतून हरवलेला माणूस तिने परत आणला. कातारिनाकडे माणसे होती, त्यांची फाईल जळली होती. पहिलीचे काम मला लगेच पटले, कारण तेथे कागद आहे. दुसरीचे पटायला चित्रपट संपावा लागला. ती आपल्याला एकदाही फसवीत नाही. ही पाहा जुनी पत्रे, असे म्हणून तिने बनावट अक्षरात, चहाच्या पाण्याने पिवळे केलेले कागद दाखवले असते तर मी आक्षेप घेतला असता. तसे ती करत नाही. पत्रे गेली, हे ती सांगते. आणि मग त्या जागी जे ठेवते ते आपले आहे, हे लपवीत नाही. जेथे व्हाउचर नाही तेथे 'व्हाउचर नाही' अशी स्वच्छ नोंद करून पुढे जाणाऱ्या हिशेबनिसाला मी नोकरीतही कधी अप्रामाणिक म्हटले नाही.

तरी एक शंका उरली, ती सांगून टाकतो. चित्रपट फार सुंदर आहे. कधी कधी नको इतका. दुःखाला इतकी लखलखी आली की ते देवघरातल्या घासलेल्या समईसारखे दिसू लागते. आणि बेआत्रीश! नवरा समुद्रावर, पदरात सहा मुले. ती कधी चिडली नसेल? 'तुमचे जहाज बुडो' असे एखाद्या रात्री तिने लिहिले नसेल? ती चीड मला चित्रपटात ऐकू आली नाही. याचा दोष दिग्दर्शिकेला देता येत नाही. पत्रे जळतात तेव्हा सर्वांत आधी जळते ती तक्रार. मुलांना आईचे प्रेम आठवते, तिचे झाडांवरचे हात आठवतात. नवऱ्याशी तिचे जे भांडण कागदावर चालले होते ते त्यांना माहीतच नसते. माझ्या आईच्या पत्रांतही काय होते कोण जाणे. अप्पांनी जाळले ते तिचे प्रेम, असे मी इतकी वर्षे धरून चाललो. तिची गाऱ्हाणी जाळली असतील, हा विचार मला त्या रात्री प्रथमच शिवला.

चित्रपट संपल्यावर मुलगी सहज म्हणाली, "बाबा, आईची आणि तुमची पत्रं आहेत ना अजून? मला द्याल कधी?"

मी म्हणालो, "पाहू." सरकारी नोकरीत या शब्दाचा अर्थ काय होतो हे तिला माहीत आहे. ती हसली.

माझी नेमणूक ग्वाल्हेरला, मग शिलाँगला आणि पुढे रांचीला असताना मुलांच्या शाळेसाठी ही पुण्यास राहिली. एकूण नऊ वर्षे. तिची पत्रे माझ्या कपाटात आहेत, तारीखवार लावलेली, दर वर्षाचा गठ्ठा वेगळा, वर चिठ्ठी. माझ्या अंगवळणी दुसरे काय असणार! फक्त १९८९ च्या गठ्ठ्यात एक पत्र नव्हते. ते मी निवृत्त झालो त्या वर्षी स्वतःच काढून एका जुन्या पाकिटात वेगळे ठेवले होते. सवडीने जाळावे म्हणून.

त्या साली मार्चमध्ये मुलीला विषमज्वर झाला. ती पाच वर्षांची. पुण्याहून तार आली. शिलाँगला वर्षअखेरीचे काम अंगावर होते. रजा मागितली असती तर मिळाली असती, हे मला तेव्हाही माहीत होते. मी मागितली नाही. पैसे तारेने पाठवले आणि 'एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात येतो' असे कळवले. त्यावर हिचे पत्र आले. वर मायना नव्हता. एरवी दोन पाने भरून लिहिणारी ही, त्यात तीन वाक्ये होती : 'ताप उतरला. डॉक्टरांचे बिल भागवले. आता येण्याची घाई करू नये.'

'करू नये.' तेरा वर्षांच्या संसारात हिने मला कधी असे लिहिले नव्हते. परक्या माणसाला, वा कचेरीला लिहावे तसे. आयुष्यभर मी दुसऱ्यांवर आक्षेप काढले आणि त्यांची उत्तरे येईपर्यंत पिच्छा सोडला नाही. माझ्यावर निघालेला हा एक आक्षेप. त्याला मी कधीच उत्तर दिले नाही. एप्रिलमध्ये गेलो, मुलीसाठी बाहुली नेली, हिच्यासाठी मेखला-चादर नेली, आणि तो विषय कोणीच काढला नाही.

बंगळुराच्या त्या रात्री पावसाचा आवाज ऐकत पडलो असताना मला एक गोष्ट स्पष्ट झाली. इतक्या वर्षांच्या व्यवसायात ती माझ्या रोज डोळ्यांसमोर होती. स्वतःपुरती तेवढी दिसली नव्हती. कचेरीला आग लागून सगळे दप्तर जळते तेव्हा लेखापरीक्षक हळहळतो, पण संशय घेत नाही. संशय येतो तो सगळे दप्तर जागच्या जागी असून एकच व्हाउचर नसते तेव्हा. कातारिनाच्या आजोबांनी सगळी पत्रे जाळायला सांगितली. अप्पांनी सगळी जाळली. त्या राखेतून नातीला चित्रपट करता आला, कारण ती राख खोटे बोलत नव्हती. येथे काहीतरी होते आणि ते आमचे होते, एवढेच ती सांगत होती. मी मात्र आठशे पत्रे जपून एक जाळायला निघालो होतो. तो गठ्ठा मुलीच्या हाती गेला असता, तिने तो प्रेमाने वाचला असता, आणि तिच्यासाठी एक चांगला बाप त्यातून आपोआप तयार झाला असता. तारीखवार, पुराव्यानिशी, आणि खोटा.

अप्पांवरचा राग त्या रात्री गेला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. पण त्यांचे वाक्य मी प्रथमच नीट ऐकले.

घरी परतल्यावर मी हिला विचारले. म्हणालो, "ती पत्रं मागते आहे. काय करायचं?"

ही गव्हले करीत बसली होती. मान वर न करता म्हणाली, "तुम्ही मला लिहिलेली माझी आहेत, त्यांचं काय करायचं ते मी बघीन. मी लिहिलेली तुमची. ती तुम्ही द्या, नाहीतर जाळा. मला विचारू नका."

"सगळी?" मी विचारले.

तिने हात थांबवला. माझ्याकडे पाहिले. मला वाटते, कोणत्या पत्राविषयी मी बोलतो आहे हे तिला कळले. छत्तीस वर्षे तिला ते कळतच असावे.

"सगळी," ती म्हणाली, आणि पुन्हा गव्हले वळू लागली.

मुलीला ती पत्रे द्यायची की अप्पांसारखी एका पहाटे संपवायची, हे अजून ठरलेले नाही. आमच्या खात्यात याला 'प्रकरण विचाराधीन' म्हणतात. पण त्या दुपारी मी कपाट उघडले, जुन्या पाकिटातले ते पत्र काढले आणि १९८९ च्या गठ्ठ्याची दोरी सोडली. मार्चच्या चौदा तारखेच्या पत्रानंतर आणि एप्रिलच्या वीस तारखेच्या पत्रापूर्वी त्याची जागा होती. तेथे ते ठेवले आणि दोरी पुन्हा बांधली.